एक अक्षर आणि एक हाक : शनिवारवाड्याच्या भुताची गोष्ट

(येरवडा इथे झालेल्या व्याख्यानाचं शब्दांकन. बोलण्याची ढब शक्यतो तशीच ठेवली आहे.)

विषय भुताचा आहे म्हटल्यावर आज गर्दी बरी दिसते. मागच्या खेपेला मी कार्यकारणभावावर बोललो, तेव्हा पहिल्या दोन रांगा सोडल्या तर नुसत्या खुर्च्याच ऐकत होत्या. तक्रार नाही. भुताला माणूस जितक्या लवकर कान देतो, तितक्या लवकर तो तत्त्वज्ञानाला देत नाही, हे मला पन्नास वर्षं शिकवून कळलेलं आहे. आज दोन्ही एकाच पिशवीत घालून आणलं आहे.

गोष्ट तुम्हाला सगळ्यांना माहीत आहे. शनिवारवाड्यात रात्री हाक ऐकू येते, ‘काका, मला वाचवा!’ कोणी म्हणतं पौर्णिमेला, कोणी म्हणतं अमावास्येला. हाक नारायणराव पेशव्याची. बस, एवढीच गोष्ट. हे भूत कोणाला झपाटत नाही, नदीकाठी वाट अडवत नाही, दहीभात मागत नाही. फक्त ओरडतं.

मी ही गोष्ट पहिल्यांदा ऐकली ती १९६१ साली. पानशेत फुटलं, १२ जुलैला. आमचं घर नदीकडच्या पेठेत होतं. आम्हाला पर्वतीकडे एका नातेवाइकांच्या खोलीत नेऊन ठेवलं होतं. मी तेव्हा दहा-अकरा वर्षांचा. शहरात वीज नाही, पाणी नाही, रात्री काळोख असा की हात दिसू नये. आम्हा पोरांना गप्प बसवायला आत्याने नारायणरावाची गोष्ट सांगितली. गोष्ट संपल्यावर माझ्या धाकट्या भावाने विचारलं, ‘मग काकाने वाचवलं का नाही?’ आत्या म्हणाली, ‘काकीने ध चा मा केला म्हणून.’ भाऊ म्हणाला, ‘पण काका तिथेच होता ना?’ आत्याने त्याला झोपायला सांगितलं.

मंडळी, आजचं सगळं व्याख्यान म्हणजे त्या प्रश्नाचं लांबवलेलं उत्तर आहे. भाऊ पुढे इंजिनिअर झाला, त्याला तो प्रश्न आठवतही नाही. मला मात्र चिकटला.

आधी घडलं काय ते पाहू. थोरले माधवराव १८ नोव्हेंबर १७७२ ला थेऊरला गेले. त्यांचा धाकटा भाऊ नारायणराव पेशवा झाला. जन्म १७५५ चा, म्हणजे वय सतरा. त्याचा काका रघुनाथराव, दरबारात ज्याला दादासाहेब म्हणत, तो त्याच शनिवारवाड्यात नजरकैदेत. अटकेपर्यंत जाऊन आलेला माणूस, एकोणचाळीस वर्षांचा, आणि पुतण्याच्या पहाऱ्यात. ३० ऑगस्ट १७७३, सोमवार. भाद्रपद, गणपतीचे दिवस, पौर्णिमा दोन-तीन दिवसांवर आलेली. गारदी, म्हणजे वाड्यावरचे भाडोत्री शिपाई, थकलेल्या पगाराचा गलका करत आत घुसले. सुमेरसिंग गारदी त्यांचा म्होरक्या. नारायणराव पळाला तो काकाच्या दालनाकडे. काकाला मिठी मारली, जीव वाचवा म्हणून विनवलं. तिथे त्याला मारलं. चाफाजी टिळेकर नावाचा खिदमतगार धन्याच्या अंगावर पडला, तोही मारला गेला. वाड्यातले आणखी नोकरचाकर, ब्राह्मण मारले गेले.

एक बारीक गोष्ट लक्षात घ्या. हे सगळं झालं दिवसाढवळ्या, दुपारी. मग हाक मध्यरात्री का? आणि पौर्णिमा तोंडावर असताना अमावास्या आली कुठून? तर ती आली भुतांच्या शिस्तीतून. भुताने रात्री यायचं, शक्यतो अमावास्येला यायचं, ही परंपरेची शिस्त आहे, इतिहासाची नव्हे. इतिहासातला नारायणराव भर दुपारी ओरडला, उघड्या वाड्यात, माणसं आजूबाजूला असताना. हे मला कुठल्याही अमावास्येपेक्षा भयंकर वाटतं. पण गोष्टीला दुपार चालत नाही. दुपारी माणसं कामात असतात.

आता भुताकडे वळू. आपल्याकडे भुतांची वर्गवारी मोठी चोख आहे. मुंज झाली पण सोडमुंज व्हायच्या आत गेला तो मुंजा, त्याचा मुक्काम पिंपळावर. बाळंतपणात गेली ती हडळ किंवा अलवंतीण. पाण्याजवळच्या साती आसरा. इच्छा मागे ठेवून गेलेला ब्राह्मण म्हणजे समंध. कोकणातल्या माणसाला विचारा, तो तुम्हाला आणखी डझनभर नावं आणि प्रत्येकाचा स्वभाव सांगेल. या यादीत नारायणराव बसवायचा झाला तर समंधात बसेल. पण समंध राखण करतो, त्रास देतो, मागणी करतो, कुणाच्या तरी अंगात येतो. नारायणराव यातलं काहीच करत नाही. अडीचशे वर्षांत त्याने सूडसुद्धा घेतलेला नाही. म्हणून लोकांनी त्याला जातीचं नाव दिलं नाही. त्याला नाव आहे ते त्याच्या वाक्याचंच.

अशी वाक्यावरून ओळखली जाणारी भुतं जगात थोडी आहेत. सगळ्यांत प्रसिद्ध मेक्सिकोतली, ‘ला योरोना’, म्हणजे रडणारी बाई. तिने आपली मुलं नदीत बुडवली आणि आता पाण्याच्या काठाने रात्री ‘हाय माझी लेकरं!’ म्हणत ती फिरते, अशी तिची कथा. आपल्या हाकेच्या बरोबर उलटी. इथे लेकरू मोठ्याला हाक मारतंय, तिथे आई लेकरांना. सोळाव्या शतकात सहागुन नावाच्या स्पॅनिश धर्मगुरूने तिथल्या लोकांकडून हकिगती गोळा केल्या, त्यांत स्पॅनिश लोक येण्याआधीच्या अपशकुनांत रात्री रडणाऱ्या बाईचा उल्लेख आहे. म्हणजे एक साम्राज्य पडण्याआधीचं ते रडणं. पुढे ती फसवलेली प्रेयसी झाली, मुलांना नदीवर जाण्यापासून अडवणारा बागुलबुवा झाली, १९३३ पासून सिनेमात आली. २०१९ मध्ये ग्वाटेमालाच्या एका दिग्दर्शकाने तिला सेनापतीच्या घरात आणून सोडली, ज्याने आदिवासींची कत्तल केली त्या सेनापतीच्या. त्याच साली हॉलिवूडने तिच्यावर साधा घाबरवण्याचा सिनेमा काढला. एकच बाई, एकच वर्ष, आणि केवढा फरक बघा.

पुष्कळ लोक या योरोनाची सांगड मालिंचेशी घालतात. मालिंचे म्हणजे कोर्तेस या स्पॅनिश विजेत्याची दुभाषी आणि त्याच्या मुलाची आई. एवढं मोठं राज्य बुडालं, दोष कोणाला? तर शब्द इकडचे तिकडे करणाऱ्या बाईला. हे नाव डोक्यात ठेवा, मला परत लागणार आहे.

मध्येच थोडं शास्त्र सांगतो, कंटाळू नका. आमच्या विषयात एक जुना वाद आहे. ज्याचा मूळ सांगणारा माहीत नाही पण जे पिढ्यानपिढ्या सांगत आले आहेत, अशा कथनाला ‘ऐतिह्य’ म्हणतात. ते ज्ञानाचं प्रमाण मानायचं की नाही? पौराणिक म्हणाले, मानायचं. नैयायिक म्हणाले, वेगळं प्रमाण म्हणून नाही. सांगणारा विश्वासू असेल तर ते शब्दप्रमाणातच येतं, नसेल तर प्रमाणच नव्हे. आणि या चर्चेत पुन्हा पुन्हा येणारं उदाहरण कोणतं, माहीत आहे? ‘या वडावर यक्ष राहतो.’ म्हणजे आपल्या पूर्वजांनी ज्ञानमीमांसेच्या ऐन गाभ्यात भुताची गोष्ट आणून ठेवलेली आहे. युरोपात डेव्हिड ह्यूमने १७४८ साली जवळपास हेच वेगळ्या वाटेने मांडलं. चमत्काराची साक्ष केव्हा मानावी? तर ती साक्ष खोटी असणं हे त्या चमत्काराहूनही अधिक अशक्य असेल तेव्हाच. या फूटपट्टीने शनिवारवाड्याची हाक एका मिनिटात निकालात निघते. वारा, वटवाघळं, भोवतालची रहदारी, आणि ऐकणाऱ्याला काय ऐकायचं आहे ते आधीच माहीत असणं. झालं.

पण त्या हाकेचा ध्वनी खरा का, हा माझा प्रश्नच नाही. ही गोष्ट साक्ष म्हणून काय सांगते, हा आहे. साक्ष कधी आवाजाची असते, कधी आरोपाची.

पुण्याने या खुनाबद्दल दोन वाक्यं जपून ठेवली आहेत. एक, ‘ध चा मा’. दुसरं, ‘काका, मला वाचवा’. दोन्ही आपण एका दमात सांगतो, एकाच गोष्टीचे दोन तुकडे असल्यासारखी. माझं म्हणणं असं आहे की हे दोन साक्षीदार एकमेकांच्या विरुद्ध साक्ष देतात. आणि आपण अडीचशे वर्षं दोघांनाही शेजारी शेजारी बसवून चहा पाजतो आहोत.

पहिला साक्षीदार. रघुनाथरावाने गारद्यांना हुकूम दिला तो नारायणरावाला ‘धरावे’ असा. आनंदीबाईने, त्याच्या बायकोने, त्यातल्या ‘ध’चा ‘मा’ केला, आणि झालं ‘मारावे’. ग्रँट डफच्या १८२६ साली छापलेल्या इतिहासात ही कथा आहे, म्हणजे खुनानंतर सुमारे पन्नास वर्षांत ती चांगली रुजलेली होती. गोष्ट म्हणून अप्रतिम आहे. एका अक्षरावर राज्य फिरतं. शाळेतल्या मुलाला शुद्धलेखनाचं महत्त्व पटवायला यासारखं दुसरं उदाहरण नाही, आणि माझ्या मास्तरांनी ते वापरलेलं आहे, छडीसकट.

पण जरा उलटतपासणी करू. ज्या कागदावर ही खाडाखोड झाली म्हणतात, तो कागद आज कोणाच्याही हातात नाही. त्या काळचा व्यवहार मोडीत. हुकूम वाचणार कोण? गारदी. म्हणजे लढाईवर पोट भरणारे, त्यांतले बरेच परप्रांतीय. त्यांना ते अक्षर कोणी वाचून दाखवलं? आणि ज्यांना पेशव्यावर शस्त्र उचलायचं आहे, ती माणसं तोंडी बोली, पैशाची हमी, पुढची शाश्वती हे सगळं ठरवल्याशिवाय एका चिटोऱ्यावर निघतील? अशा कामात कागद हा शेवटचा भाग असतो. तरी समजा, अक्षर बदललं. समजा, आनंदीबाईनेच बदललं. मान्य. मग पुढे काय?

पुढे दुसरा साक्षीदार उभा राहतो. तो म्हणतो, ‘काका, मला वाचवा.’ कोणाला म्हणतो? काकाला. काका कुठे आहे? समोर. हाक मारली जाते तेव्हा कागदाचं काम संपलेलं आहे. ‘धरावे’ होतं की ‘मारावे’, आता त्याने काही फरक पडत नाही. हुकूम देणारा माणूस तिथे उभा आहे, त्याच्या गळ्यात पुतण्याची मिठी आहे, आणि त्याला तोंड आहे. ‘धरा म्हटलं होतं, मारू नका’ एवढे पाच शब्द.

तो बोललाच नाही, असं मात्र नाही. न्यायाने सांगायला हवं. ग्रँट डफची हकिगत अशी, की दादासाहेबाने सुमेरसिंगापाशी रदबदली केली. त्यावर गारद्याने बजावलं की इथवर येऊन आता मी माझाच नाश करून घेणार नाही, याला सोडा, नाहीतर तुम्हीही याच्याबरोबर मराल. आणि दादासाहेबाने मिठी सोडवून घेतली.

इथे मी दरवेळी थांबतो. ही हकिगत रघुनाथरावाच्या बाजूने सांगितलेली आहे. त्यात तो खुनी नाही. तो घाबरलेला माणूस आहे. आणि तरी, ‘मिठी सोडवून घेतली’ या तीन शब्दांपुढे ‘ध चा मा’ किती पोकळ वाटतं बघा. नीतिशास्त्रात आम्ही मुलांना शिकवतो, करणं आणि होऊ देणं यांत फरक असतो का? मारणं आणि मरू देणं? पानंच्या पानं लिहिली गेली आहेत. या गोष्टीतली हाक तो फरक मानत नाही. ती ‘तू मला मारायला सांगितलंस का?’ असं विचारतच नाही. ती म्हणते, वाचवा.

आणि ‘काका’ हा शब्द. दरबार त्याला दादासाहेब म्हणे, इतिहासात तो राघोबादादा. गोष्टीने यांतलं काहीच घेतलं नाही, नात्याचा शब्द घेतला. माधवरावाने मरताना धाकट्या भावाचा हात याच काकाच्या हातात दिला, असं सांगतात. बाप पानिपतानंतर गेलेला. मोठा भाऊ पानिपतात, मधला थेऊरला. घरात वडीलधारा म्हणून उरला तो हाच. ज्याच्यापासून वाचायचं, त्यालाच हाक मारायची. दुसरं कोणी नाहीच.

म्हणून म्हणतो, ‘ध चा मा’ ही काकाची बाजू आहे आणि भूत ही पुतण्याची. म्हणीने सगळा दोष एका बाईच्या बोटांत आणि एका अक्षरात कोंबला, आणि पुरुष मोकळा झाला. मालिंचेचं नाव लक्षात ठेवायला सांगितलं होतं ना, ते यासाठी. तिथे शब्द फिरवणारी, इथे अक्षर फिरवणारी. आनंदीबाई ही ओकांची, गुहागरची. महत्त्वाकांक्षी होती, कारस्थानी होती, हे म्हणायला हरकत नाही. त्या घरात कोण नव्हतं? पुढे नवऱ्यामागोमाग ती फरफटली, शेवटची वर्षं नाशिकजवळ आनंदवल्लीला नजरकैदेत काढली, १७९४ साली वारली. तिच्या नावावर आज मराठीत काय उरलं? एक वाक्प्रचार. छापखान्यात चूक झाली, ध चा मा. कचेरीत टिपणी बदलली, ध चा मा. मी स्वतः तीस वर्षं वापरत होतो. हल्ली टाळतो. बायको म्हणते, एवढं काय मनाला लावून घ्यायचं. पण जे सिद्ध झालेलं नाही ते कोणाच्या तरी नावावर रोज उठून खर्ची टाकायचं, हे मला आता जमत नाही.

अमेरिकेत सँड्रा सिस्नेरॉस नावाच्या लेखिकेने १९९१ मध्ये एक कथा लिहिली. त्यात योरोनाच्या गोष्टीवर वाढलेली बाई नवऱ्याचा मार खात असते, आणि शेवटी पळून जाताना तिला रडण्याऐवजी मोठ्याने आरोळी ठोकणारी बाई भेटते. आत्याने मला सांगितलेल्या गोष्टीत काकीला एकही वाक्य नव्हतं.

पुनर्कथनांकडे येऊ, कारण प्रत्येक काळाने या गोष्टीतलं वेगळं माणूस मधोमध उभं केलं. कृ. प्र. खाडिलकरांनी १९०९ साली ‘भाऊबंदकी’ हे नाटक आणलं. टिळक मंडालेला, सुरतेची फूट दोन वर्षांपूर्वीची. त्या प्रेक्षकाला पेशव्यांची भाऊबंदकी पाहताना आपल्या पुढाऱ्यांची आठवण झाली नसेल, यावर माझा विश्वास बसत नाही. १९४४ साली प्रभातने ‘रामशास्त्री’ काढला, गजानन जागीरदार रामशास्त्र्यांच्या भूमिकेत. तिथे मधोमध न्यायाधीश. रामशास्त्री प्रभुण्यांनी चौकशी केली, दोष दादासाहेबाचाच ठरवला, आणि याला देहान्त प्रायश्चित्तच, असं तोंडावर सांगून पद सोडलं, ही हकिगत प्रत्येक मराठी घरात पोचली ती पुष्कळशी त्या चित्रपटामुळे. रामशास्त्र्यांचा निकाल ‘ध चा मा’ मानत नाही, हे तुमच्या लक्षात आलं का? त्यांनी काकीला नव्हे, काकाला शिक्षा सांगितली. न्यायाधीश आणि भूत एका बाजूला आहेत.

पण निकालाची अंमलबजावणी झाली नाही. रघुनाथराव पेशवा झाला. मग बारभाईंनी त्याला हुसकलं. गंगाबाईच्या पोटी, बापाच्या मृत्यूनंतर, १८ एप्रिल १७७४ ला पुरंदरावर सवाई माधवराव जन्मला. दादासाहेब इंग्रजांकडे गेला, १७७५ मध्ये सुरतेचा तह केला, लढाया झाल्या, १७८२ ला सालबाईचा तह झाला, आणि १७८३ मध्ये तो कोपरगावला बिछान्यावर वारला. खुनानंतर दहा वर्षं जगला. शिक्षा सांगितलेली, दिलेली नाही.

एक हकिगत मला फार महत्त्वाची वाटते. एकोणिसाव्या शतकातल्या इंग्रजी लिखाणात ती येते. दुसरा बाजीराव, शेवटचा पेशवा, रघुनाथराव आणि आनंदीबाईचा मुलगा, खुनानंतर दीड वर्षाने जन्मलेला, त्याला नारायणरावाचं भूत छळत असे, आणि ते शांत व्हावं म्हणून त्याने पुण्याभोवती आंब्याची झाडं लावली, ब्राह्मणांना दानं दिली. झाडांचे आकडे देतात ते काही लाखांत आहेत. आख्यायिकेतला आकडा म्हणून ऐका. पण भाव पाहा. हे भूत आधी पर्यटकांचं नव्हतं, घरातलं होतं. ज्याने काही केलं नाही, जो तेव्हा जन्मलाही नव्हता, पण ज्या गादीवर बसलाय ती कशी मोकळी झाली हे ज्याला पक्कं ठाऊक आहे, त्याला ते दिसतं. ऋण वारशाने येतं, ही आपली जुनी समजूत. ते फेडायला तो झाडं लावतो. आता यावरून नाशिकच्या बाजूला कोणी सांगेल की त्र्यंबकेश्वरचा नारायणबळी याच नारायणरावापायी सुरू झाला. तसं काही नाही. अपमृत्यूने गेलेल्यांसाठीचा तो विधी पेशव्यांपेक्षा कितीतरी जुना आहे, त्यातला नारायण म्हणजे देव.

मग वाडाच गेला. १८१७ मध्ये पुणं इंग्रजांकडे, आणि १८२८ च्या फेब्रुवारीत वाड्याला आग लागली. लाकडी मजले, दालनं, आरसेमहाल, सगळं खाक. उरले ते जोती, तट, बुरूज आणि पाच दरवाजे. त्यांतल्या एकाला अजून नारायण दरवाजा म्हणतात. प्रेत तिथून बाहेर नेलं अशी सांगी. आग लागली नसती तर तिथे आज एखादी कचेरी असती आणि नारायणरावाला ओरडायला जागा मिळाली नसती. ट्यूबलाइटखाली, फायलींच्या ढिगात, भूत टिकत नाही. पडक्या वाड्याला आवाज लागतो, पुण्याने तो दिला.

आता भूत इंटरनेटवर गेलं आहे. ‘भारतातली दहा झपाटलेली ठिकाणं’ अशा याद्यांत शनिवारवाडा हटकून असतो. परगावची पोरं रात्री तटाबाहेर मोबाइल घेऊन उभी राहतात. त्यांना माधवराव, बारभाई, सालबाई काही माहीत नसतं. ‘काका’ शब्द माहीत असतो. आणि आपले वार्ताहर! महाराष्ट्राच्या राजकारणात कुठल्याही काका-पुतण्याचं बिनसलं की दुसऱ्या दिवशी मथळा तयार. मूळ हाक मारणारा जिवानिशी गेला होता, हे मथळा देणाऱ्याला आठवत नाही.

आता आपल्या येरवड्याबद्दल एक शंका, आणि थांबतो. मी इथे चाळीस वर्षं राहतो. तुरुंगाची भिंत तुम्ही रोज बघता. १८९८-९९ मध्ये चाफेकर बंधू इथे फासावर गेले. २०१२ च्या नोव्हेंबरात कसाबला इथेच फाशी दिली. मधल्या काळात आणखी. मरणाचा हिशेब मांडला तर शनिवारवाडा या भिंतीपुढे काहीच नाही. तरी या भिंतीतून हाक येते अशी गोष्ट मी कधी ऐकलेली नाही. का? मला वाटतं, चाफेकरांना जे मिळायचं ते मिळालं. पोवाडे, पुतळे, शाळेच्या पुस्तकातली पानं. त्यांची गोष्ट उघड्यावर सांगता आली. कसाबचा खटला चालला, निकाल लागला, अंमल झाला. लोकांच्या मनात ते खातं बंद झालं. नारायणरावाचं खातं उघडं राहिलं, निकाल लागूनही.

हा माझा सिद्धान्त गळका आहे, मला ठाऊक आहे. गळती कुठे आहे तेही सांगतो. चाफाजी टिळेकर. त्याला ना पुतळा, ना निकाल, ना भूत. खातं उघडं राहिल्याने भूत होत असेल, तर पहिली हाक त्याची ऐकू यायला हवी. काका तिथे उभा होता आणि त्याने मिठी सोडवली. नोकर तिथे आला आणि त्याने अंग घातलं. गोष्टीने त्याला आवाज दिला नाही. त्याने कोणाकडे काही मागितलं नव्हतं, हे एक कारण असेल. दुसरं कारण तुम्हालाही कळतंय.

(प्रश्नोत्तरांतून)

प्रश्न : सर, तुम्ही स्वतः कधी रात्री तिथे गेला आहात का?

उत्तर : गेलोय. कॉलेजात असताना, तिघे मित्र, भाद्रपदातच. तटाला लागून बसलो. अकराच्या सुमाराला हाक ऐकू आली. एक बाई आपल्या मुलाला जेवायला बोलवत होती, शनिवार पेठेच्या बाजूने. मुलगा ‘आलो, आलो’ म्हणत होता आणि येत नव्हता. आम्ही घरी गेलो.